शटर

पटकथेत पाच माणसं अडकलेली,
प्रत्यक्षात आम्ही अकरा.
अक्कलकोट रोडला, बंद टॉवेल-कारखान्याच्या सूत-गोदामात.
मी आवाजाचा. तीनशे रुपये रोज,
बांबूला बांधलेला माइक वर धरून उभा.

डायरेक्टर म्हणाला, शटर पाडा, खरं वाटलं पाहिजे.
पाडलं.
मग ते उठेचना.

पहिला तासभर तो खूश.
"हाच घाम पाहिजे बे," म्हणत फिरत होता.
श्रीनिवासला सीनमध्ये दार बडवायचं होतं,
तो आधीपासूनच बडवत होता.
वेल्डर फोनवर म्हणाला, मोहोळला आहे, निघतो.
मग कॅमेऱ्याची बॅटरी संपली. मग लाइटच गेली.
बाहेर मे महिना,
आत त्याचा थोरला भाऊ.

बाटली एक. कुणी किती घोट घेतले
कुणीच मोजत नव्हतं,
सगळ्यांना पाठ होतं.

नरसम्मा तेवढी शांत.
तिला संवादच नव्हता,
कोपऱ्यात विड्या वळत बसायचं, सूप मांडीवर घेऊन.
अंधारात म्हणाली,
"रात्रपाळीला मालक भाईरनं कुलूप लावायचा.
सूत चोरतील म्हणून.
धाकटी झाली त्या रात्री सासू गेली सांगायला,
शटरला तोंड लावून वरडली.
माग चालू असल्यावर काय ऐकू येतंय?
सकाळी सातला कळलं आमच्या यादगिरीला,
बाप झालाय ते."

श्रीनिवासचा हात पत्र्यावर तसाच राहिला.

वेल्डर आला. आधी ठिणगी, मग उजेडाची रेघ.
बाहेर येऊन आम्ही पाणी प्यालो,
एकमेकांकडं न बघता.
माझं मशीन चालूच होतं,
भीतीत बंद करायचं राहिलेलं.

सिनेमा बावीस मिनिटांचा झाला.
त्यात दीड मिनिट पडदा नुसता काळा
आणि नरसम्माचा आवाज.
मंगल कार्यालयात दाखवला, लग्नाच्या खुर्च्यांवर.
काळं होताच पोरांनी शिट्ट्या मारल्या,
"ए, लाइट गेली का?"

तिसऱ्या रांगेत यादगिरी.
कान चाळीस वर्षांच्या मागांनी नेलेले.
तो त्या काळ्याकडं बघत राहिला,
बघत राहिला,
मग बायकोला विचारलं
बहिऱ्याच्या मोठ्या आवाजात, सगळ्या हॉलला ऐकू जाईल असं,
"उघडलं का गं शटर?"