दोनशे नव्याण्णव

पासबुकावर मशीन करकरलं.
जून, दोनशे नव्याण्णव. जुलै, दोनशे नव्याण्णव.
बंदीत होडी झापांखाली निजलेली,
डिझेल नाही, बर्फ नाही, जाळ्याचं सूतसुद्धा नाही,
मग ह्ये पैशे खंय गेले?
घरी भाच्याला आधीच शिव्या घालून झालेल्या.

परुळ्याच्या बँकेतली म्हापणकरबाई
चष्मा कपाळावर चढवून म्हणाली,
वाऱ्याचं ॲप आहे. पहिला महिना फुकट, पुढे आपोआप.
कोणीतरी 'हो' म्हटलंय.

मे महिन्यातली ती रात्र.
लवू निवतीच्या खडकांपलीकडे, फोन लागेना,
माडांनी एकाएकी कूस बदलली
आणि स्क्रीन जे जे विचारेल त्याला
मी हो म्हणत गेले.
बाण दाखवत होते वारा कुठून कुठे.
माणूस कुठे, ते नाही.

गेलेले येणार नाहीत, बाई म्हणाली, पुढचे थांबव.
तिथेच बाकावर बसून थांबवले.
फोनने विचारलं, कारण निवडा:
महाग आहे. वापरत नाही. दुसरं मिळालं.

लवू पहाटे आला होता, ओलाचिंब,
चहा माग, म्हणाला नुसता.

'इतर'वर बोट ठेवलं.
खाली लिहायला जागा होती, ती तशीच सोडली.

येताना भाच्यासाठी खाजं घेतलं. वीस रुपयांचं.