हयातीचा दाखला

नोव्हेंबर. नौपाड्यातली बँक, खिडकी चार.
महापालिकेचा निवृत्त जकात कारकून
अजून जिवंत आहे, एवढंच सिद्ध करायचंय.

अंगठा ठेवतो. लाल दिवा.
धोतराला पुसून ठेवतो. पुन्हा लाल.
"रेषा झिजल्यात, आजोबा."
झिजणारच. चाळीस वर्षं ह्याच अंगठ्याने
स्पिरिट गम दाबून बसवला
मिशांखाली, कल्ल्यांखाली, एकदा तुटक्या कानाखाली.

नाक्यावर पहाटपाळी मागून घ्यायचो,
संध्याकाळ तालमीला सुटावी म्हणून.
पावत्या फाडता फाडता ट्रकवाल्यांचं उचलत गेलो:
कुणाचा खाकरा, कुणाची एका पायावर रेलायची ढब.
सांगलीकडचा एक म्हातारा, गुळाच्या गाडीवरचा,
खोटं वजन सांगताना कानाची पाळी ओढायचा.
त्याला मी अकरा नाटकांत वापरला.
एवढा माल बिनजकातीचा शहरात आणला
मीच, नाक्यावरच्या माणसाने.

गडकरीच्या विंगेत नायकाचं काम
पहिल्या ओळीपासून पाठ होतं मला.
चारशे प्रयोग. गडी एकदा शिंकला नाही.

मग मालिका. घोडबंदरला न्यायला गाडी यायची,
परतीच्या रिक्षाचे पैसे मागावे लागत.
न्यायाधीश सतरा वेळा,
झगा तोच, काखेत उसवलेला.
चष्मा काढून मान हलवणारे डॉक्टर किती, मोजले नाहीत.
आणि मरणं.
जिन्यावरून. विषाने.
एकदा वाक्याच्या मध्येच,
लेखकाचं वाहिनीशी बिनसलं म्हणून.
हार कागदी, फोटो मात्र खरा;
शूटिंग संपल्यावर तो घरी आणला.
शालन म्हणाली, बरा आलाय,
आणि कपाटात पालथा घातला.
"लागेल पुढे."

खिडकीतली मुलगी आता नीट बघते.
"तुम्ही… मंगळवारी गेलात ना?"
रांग पुढे सरकते. अहो हो, ते मामा! नाही हो, ते वकील!
नाव कुणाच्याच तोंडात येत नाही.
फॉर्मवर आहे ते, शशिकांत गोविंद ताम्हाणे,
तिचं कोपर त्यावरच टेकलंय.

"चेहऱ्याने करून बघू," ती मोबाइल समोर धरते.
कॅमेरा दिसला आणि सवयीने
श्वास आत घेऊन मी निश्चल झालो.
काय शांत पडलो होतो, उभ्या उभ्या!
"आजोबा, पापण्या हलवा.
हललात तरच हे जिवंत धरतं."

हलवल्या.
हिरवा दिवा लागला, रांगेतून कुणी टाळीही वाजवली,
आणि मग लक्षात आलं,
माझा हात
कानाच्या पाळीशी होता.