डावा गुडघा

मंगळवारी आणि शुक्रवारी, सकाळी साडेसातला
पहिला पेशंट तोच.
बोपोडीच्या चौकातून चालत येतो, रिक्षा नको म्हणतो,
दारात बूट काढून भिंतीला लावतो
आणि टेबलावर आडवा होऊन
गुडघा माझ्या हवाली करतो,
पाळणाघरात पोर सोडावं तसा,
जरा धास्तावून.

वेंडेल क्राउस. वय छप्पन्न.
व्यवसायाच्या रकान्यात आधी लिहिलं सॉकर,
ते खोडून फुटबॉल,
तेही खोडून निवृत्त.
काउंटरवरच्या परचुरे काकूंनी चष्म्यावरून पाहिलं :
'ते ठीक आहे हो, पण पोटापाण्याला काय करायचात?'
तो हसला. म्हणाला, हिवाळ्यात लोकांची छपरं दुरुस्त करायचो.
काकूंनी लिहून घेतलं, छपरं.

बाहेरच्या अंगाचा हा लांब व्रण टोलेडोचा.
तेव्हा एकोणीस वर्षांचा. मैदान बेसबॉलचं भाड्यानं घेतलेलं,
पांढऱ्या रेघांवर पिवळ्या रेघा,
आपली कुठली ते धावता धावता ठरवायचं.
आतले तीन ठिपके दुर्बिणीच्या ऑपरेशनचे.
तो खर्च ज्या क्लबनं केला
त्याच्या जागी आता गाद्यांचं दुकान आहे.
आणि वाटीखाली बोट दाबलं की लागते ती करकर
अकरा हंगामांची, सहा गावांची,
बसच्या मागच्या सीटवर पाय दुमडून काढलेल्या रात्रींची.

खेळायचा डावा बॅक.
म्हणजे काय, ते त्यानंच समजावलं :
ज्याचं नाव लोक तेव्हाच घेतात
जेव्हा गोल आपल्यावर होतो.

देशाचा शर्ट एकदाच.
मॅच संपायला चार मिनिटं उरलेली,
कोचनं बाकावरून उठवलं.
दोनदा चेंडू पायाशी आला. एक थ्रो-इन.
'थ्रो कुणाकडे गेला?' मी सहज विचारलं.
विसरलो, म्हणाला,
आणि मांडीचा स्नायू माझ्या अंगठ्याखाली
दगड झाला.
मी तेल घेतलं, हवापाण्याचं काढलं.

शेवटची मॅच कुठली
हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.
शनिवारी खेळले, हरले,
सोमवारी सरावाला गेले तर फाटकाला कुलूप.
बूट आतच आहेत, असं तो सांगतो, 
वर्तमानकाळात.

बायको रेंज हिल्सची, केतकी.
आईच्या आजारपणासाठी ती परत आली,
तिच्या मागून हा, बॅगेत हवा भरायचे दोन पंप घेऊन.
आई गेल्या. पंप इथेच राहिले.

एका रविवारी मी खडकीला गेले,
दारूगोळा कारखान्याच्या भिंतीलगत ते मैदान आहे.
सांगूनही धावतो की काय, एवढंच बघायला.
बारा मुली. निम्म्यांचे बूट मापापेक्षा मोठे,
पुढे कापूस कोंबलेला.
त्याचं मराठी तेवढ्यापुरतं :
मान वर. घाई नको. अगं, मागे बघ ना.
इन्फंटा नावाची एक काटकुळी पोर
डाव्या बाजूनं चेंडू घेऊन निघाली आणि तो सुटला तिच्याकडून,
रेघेकडे घरंगळत.
सोडायचा ना बाहेर. सराव तर होता.
पण शिट्टी तोंडात तशीच,
हा धावला.
पाच पावलं मोजली मी, सहावं डाव्यावर,
सगळा भार डाव्यावर,
आणि रेघेवरून चेंडू उचलून पुन्हा तिच्या पायात.
तिला त्यात काही विशेष वाटलं नाही. ती पुढे गेली.

मी ओरडणार होते.
भिंतीकडे तोंड करून उभी राहिले,
लाल अक्षरांतली पाटी वाचत :
फोटो काढण्यास सक्त मनाई आहे.

मंगळवारी गुडघा पपनसाएवढा.
'हे कशानं?'
'जिना,' तो छताकडे बघत म्हणाला.
राहतो तळमजल्यावर.
मी कार्डावर लिहिलं, जिना,
आणि बर्फ आणायला आत गेले.