मुभा राखून

अपील क्रमांक एक्केचाळीस. किसुमू,
सकाळचे सव्वानऊ.
तीन न्यायमूर्ती, एक पंखा,
आणि मी दुभाषा,
दोन भाषांच्या मध्ये ठेवलेलं स्टूल.

वकीलबाई जेरोटिच उभ्या राहिल्या
आणि सात वर्षं एका वाक्यात बसवली :
अपील मागे घेत आहोत,
अन्य कायदेशीर मार्गाची मुभा राखून.
समोरच्या वकिलाने, हरकत नाही, म्हणून
बसल्या बसल्या घड्याळ पाहिलं.

मग माझी पाळी.
पेनिना अपोंडी माझ्या तोंडाकडे बघत होती
तराजूच्या काट्याकडे बघावं तशी.
ती बाजारात सुकी ओमेना विकते,
मापात कुणी बोट ठेवलं तर तिला कळतं.

मागे घेणं. कसं सांगू?
आमच्याकडे शब्द मागे घेतात, थोरल्यांच्या देखत.
दिलेल्या गाई मागे घेतात, लग्न मोडलं की.
पाऊल मागे घेतात, गवतात सळसळलं तर.
गाई म्हणालो तर तिला वाटेल, संपलं सगळं.
शब्द म्हणालो तर वाटेल, खोटेपणा कबूल केला.
आणि गवतातलं नाव घेतलं
तर ती सरळ दिराकडे बोट दाखवेल.

दीर ओबुरा. एकटाच वारस असल्याचा दाखला आणला त्याने,
जमीन विकली, पैसे खाल्ले.
घेणाऱ्याने निवडुंगाचं कुंपण अकरा पावलं सरकवलं
आणि झॅडॉकची कबर पलीकडे गेली.
बाई कुंपणासाठी भांडली.
हरली. वर आली. पुन्हा कुंपण :
मोजणी, नकाशे, साक्षीदार, त्यातले दोन वारले.
तो दाखला मात्र रस्त्यापलीकडच्या इमारतीत
निवांत पडून. त्याला कुणी हातही लावला नव्हता.
जेरोटिचबाईंनी फाईल शेवटाकडून वाचली,
तेव्हा सापडला.

मी म्हणालो, आई, जाळं दगडात अडकलंय.
ओढलं तर फाटेल.
ते सैल सोडायचं, होडी वळवायची,
आणि दुसऱ्या अंगाने ओढायचं.

मधल्या न्यायमूर्तींनी चष्म्यावरून पाहिलं :
एवढं लांब भाषांतर?
शब्दच लांब आहे, माय लॉर्ड.

ती म्हणाली, मग आपण हरलो का?
हेही मला सांगावं लागलं, इंग्रजीत, भर कोर्टात.
कुणीच उत्तर दिलं नाही.
कारकुनाने शिक्का दाबला :
मागे घेतल्याने निकाली. खर्चाबाबत हुकूम नाही.
बेचाळीस पुकारलं गेलं.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात.
उतरावी कशी, ते कुणी सांगून ठेवलेलं नाही.
अपोंडी आडवी उतरते, गुडघ्यामुळे,
फाईल डोक्यावर, हात सोडून.

रस्त्यापलीकडे वारसा-कोर्टाची खिडकी.
दुपारपर्यंत बंद.
ती झेरॉक्सवाल्याच्या सावलीत बसली,
फाईल मांडीवर घेऊन, मला म्हणाली,
तिथे दुभाषा कोण आहे?
आहे एक. नवा पोरगा.
मापात बोट ठेवतो का?

मी त्याला ओळखत नाही, म्हणालो.
तिने माझ्या बोटांकडे पाहिलं.