वास सांग

रात्री दीडला वरच्या मजल्यावर
कुणीतरी पाय आपटत चालतं,
थांबतं, पुन्हा चालतं.
आठवडाभर मी छताकडे बघत पडून राहिले.
पहाटे चारला मला टपाल निवडायला जायचं असतं,
बाहेर उणे एकोणीस,
आणि हा म्हातारा येरझाऱ्या घालतोय.

सोमवारी तणतणत जिना चढले.
दार उघडलं अर्विन झ्वीकीने. पायात लोकरी मोजे,
चालला तरी मांजराइतकाच आवाज.
आत ओट्यावर एक पांढरं यंत्र
पीठ मळता मळता गदगदा हलत
बोट बोट सरकत होतं कडेकडे.
"नाताळात पडलं खाली," तो म्हणाला,
"म्हणून राखण करतो."

चर्चच्या जुन्या-पान्याच्या विक्रीतलं, चार डॉलरचं,
माहितीपुस्तिका नसलेलं ब्रेडचं यंत्र.
तीन कप मैदा, शेपू, चिमूटभर मोहरीची पूड,
मीठ पाऊणच चमचा, कारण चीज आपलं मीठ घेऊन येतं.
पीं पीं वाजलं की झाकण उघडायचं
आणि पाच वर्षं मुरलेल्या चेडरचे तुकडे टाकायचे.
किसायचं नाही. किसलं की ते पिठात नाहीसं होतं.
"आणि हे सगळं रात्री का?"
"दूध रात्रीच यायचं कारखान्यात," तो म्हणाला,
जणू त्याला निवृत्त होऊन अकरा वर्षं झालीच नव्हती.

एकतीस वर्षं त्याचं नाक पगारावर होतं.
पोकळ सळई ठोकळ्यात खुपसायची, फिरवून काढायची,
नाकाखालून एकदाच न्यायची:
हे मे महिन्याचं दूध.
या गाईने कुंपणापलीकडचा रानकांदा खाल्लाय.
हे अजून दोन वर्षं झोपू दे.

मागच्या हिवाळ्यात ताप आला,
आठ दिवसांनी गेला
आणि जाताना वास घेऊन गेला.
आता कॉफी म्हणजे गरम पाणी,
गोठा म्हणजे नुसतं लाकूड.

"आलीच आहेस तर बस. वास सांग."

"छान येतोय," मी म्हणाले.
नव्या उमेदवाराकडे बघावं तसं बघितलं त्याने.
"छान हा वास नव्हे, जोलीन."

मग बसले. खिडकीखालून बर्फ ढकलणारी गाडी गेली,
तिचा पिवळा दिवा भिंतीवर गरगरला.
आधी आंबूस, मी म्हणाले, ओल्या पोत्यासारखा.
मग?
मग दूध उतू जाऊन शेगडीवर सांडलं तसा.
मग?
करपट. नाही, करपट नाही,
करपटच्या एक पाऊल अलीकडे...
खरपूस.
त्याने डोळे मिटले.
"उजव्या कोपऱ्यात चीज फुटून भांड्याला लागलंय."
झाकण उघडलं. लागलं होतं.

गुरुवारी चीज जास्त झालं,
पाव वर आला आणि मध्येच बसला,
वाडग्यासारखा खड्डा.
मी म्हणाले, मस्त जमलाय.
त्याने तो उलटा करून बुडावर बोटाचं पेर वाजवलं.
ओल्या भिंतीसारखा आवाज.
"कान शाबूत आहेत माझे," म्हणाला,
आणि तो रबरासारखा तुकडा
आम्ही दोघांनी निमूट चावून संपवला.

आता टपालाच्या खोलीत माझी चाळा झालीय:
हे पाकीट कुणाच्यातरी तळघरातलं.
हे कापूर ठेवलेल्या पेटीतलं.
या पत्रावर कुणीतरी संत्रं सोललंय.
मुकादम विचारतो, सर्दी झालीय का तुला.

पावाच्या बुडाला मळणीच्या पात्याचं भोक राहतं.
भोकाची चकती तो स्वतःला घेतो,
लोणी लावतो, ते भोकातून बशीत गळतं,
बशी पुसून घेतो.

परवा मी यंत्राखाली घालायला
रबराची जाड चटई नेली, दहा डॉलरची.
म्हटलं, आता सरकणार नाही, आवाज नाही,
तूही झोप, मीही झोपते.
छान आहे म्हणाला. खरंच छान आहे म्हणाला.
काल बघितलं तर दाराबाहेर होती,
तिच्यावर त्याचे बर्फाचे बूट.