मानस

तिनेकेबाई दिवाडीला राहायला आल्या तेव्हा
सत्तरीच्या होत्या, कानानं कमी.
पहिल्या दिवशी त्यांनी मला पाव आणायला धाडलं,
दुसऱ्या दिवशी पेन्सिली.
तिसऱ्या दिवशी शेजारी स्टूल ओढून म्हणाल्या,
बस. आणि पापण्या मोज.

रॉटरडॅमच्या एका तळघरात त्यांनी
एकोणचाळीस वर्षं
दुसऱ्यांनी पाहिलेलं कापलं.
तेव्हा कापणं म्हणजे खरंच कापणं :
पातं, चिकटपट्टी, पांढरे सुती हातमोजे,
आणि खिळ्यांना लोंबणारे फिल्मचे तुकडे.
दोरीवर सुकणाऱ्या वाकट्यांसारखे, मी म्हटलं.
त्यांनी वाकटी मागवली, हुंगली,
आणि कबूल केलं.

आमची फिल्म खाजनाची.
चौदा तासांचं चित्रण, त्यात तीन तास माझा बाप, सगुण,
मानशीवर.
मानस म्हणजे बांधातलं लाकडी दार :
भरती आली की मिटतं,
सुकती लागली की उघडतं,
आणि मधली फळी माणसानं ठरवायची.
बाईंनी ते तीनदा पाहिलं,
आवाज बंद करून.
किती खारं आत घ्यायचं, हे कसं कळतं त्याला?
बोट बुडवून चाटतो, मी म्हटलं.
त्यांनी ते टेबलावरच लिहून ठेवलं, पेन्सिलीनं, डचमध्ये.

मग ते हसू.
बाबा कधी हसत नाही. त्या दिवशी हसला,
चिखलात गुडघाभर, पुढचे दोन दात नसलेला,
थेट कॅमेऱ्यात.
चार सेकंद, अकरा चौकटी.
बाईंनी काढून टाकलं.

दोन दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही.
तिसऱ्या दिवशी पाव पायरीवर ठेवून परत निघाले
तर आतून आवाज आला :
कॅमेरा कोणी धरला होता?
मी.
मग ते तुला होतं. लोकांना कशाला वाटतेस?

ठेवलं ते असं :
बाबा पाठमोरा, एका पायाच्या अंगठ्यानं
दुसऱ्या पोटरीवरचा डास घासतोय.
नऊ सेकंद. काहीच होत नाही.
मग खांदा हलतो, मान वळायला लागते
आणि तिथं कट. पाणी.

पणजीत, अंधारात,
सगळं सभागृह इतकंसं पुढं झुकलं
आणि झुकलेलंच राहिलं.

बाबानं पाहिली. म्हणाला,
पाणी बरं आलंय.
वाटेत फेरीबोटीत एवढंच विचारलं,
ती बाई जेवते तरी का नीट.

आता त्या गेल्या, जानेवारीत, थंडीत, आपल्या गावी.
टेबल माझ्याकडे आहे.
ती ओळ मी कुणाकडून वाचून घेतलेली नाही.

परवा फेरीत समोर एक म्हातारा बसला होता
मासळीची रिकामी पाटी मांडीवर घेऊन.
मी त्याच्या पापण्या मोजल्या.
अकरा झाल्या.
बारावी मिटायला लागली तशी
मी नदीकडे बघितलं.