बाळू तोरडे

त्यांच्याकडे आडनाव आधी सांगतात.
तोर्दाय बालिंट, असं तो म्हणाला
वळिवड्याच्या छावणीत, रेशनच्या रांगेत,
आणि कारकुनानं टाक झटकून लिहिलं: तोरडे, बाळू.
गावानं तेच धरलं.

बायको पोलिश. छावणी उठली, ती बोटीनं गेली.
हा स्टेशनवरून परत आला,
हातात तिची छत्री.
का राहिलास, वडिलांनी एकदाच विचारलं.
"तिकडं मी तिसरा पहारेकरी, मास्तर.
बुडापेस्टात अकरा वर्षं भाला धरला.
राजा आजारी पडला तवा राजा झालो,
एक रविवार, दुपारचा खेळ.
मग लढाईच लागली."

वडील पॅलेस थिएटरात प्रॉम्प्टर.
विंगेत स्टूल, मांडीवर वही.
पलीकडं खासबागेत कुस्ती असली
की इकडं नायिकेच्या मरणावर हलगी वाजायची.

त्या वर्षांत प्रत्येक कंपनीला गोरा साहेब लागे.
सफेता फासलेला साहेब
दुसऱ्या अंकात घामानं काळा पडे.
बाळूला सफेता नको.
कलेक्टर, कर्नल, रेसिडेंट:
चाबूक तोच, हॅट तीच,
पिटातून येणारी चप्पलही बहुधा तीच.

अडचण एवढीच, की तोवर
गंगावेशीत धारोष्ण दूध पिऊन पिऊन
त्याची मराठी पक्की झालेली,
"काय करायलाईस भावा, जेवलास न्हवं?" अशी.
आणि साहेबानं म्हणायचं होतं,
"टुमी लोक फार बोलटा."
रोज दुपारी वडील त्याला
चुकायला शिकवत.
"त नव्हे, बाळू. ट. जीभ वर घे."

एकदा फाशीच्या प्रवेशात
दोर ओढायची खूण करता करता
त्याच्या तोंडून निसटलं,
"लई वाईट वाटतंय गड्या."
कुणी हसलं नाही.
मालकानं निम्मी नाईट कापली.
वडिलांनी ते वाक्य वहीत
पेन्सिलीनं लिहून ठेवलं.

पुढं नाटकांतले साहेब संपले.
तो पडदा ओढू लागला,
मग तिकिटं फाडू लागला,
मग नुसताच येऊन बसू लागला.

सीपीआरच्या जनरल वॉर्डात
शेवटच्या तीन रात्री तो त्याच्या भाषेत बोलत होता.
वृत्तात होतं, एवढं कळत होतं.
एका हातानं अंगावरची चादर
झग्यासारखी सावरत होता.
वडील स्टुलावर.
एका ठिकाणी आला की तो अडायचा,
तिन्ही रात्री तिथंच,
आणि मान वळवून वडिलांकडं बघायचा.
चाळीस वर्षांत ज्यांनी एकालाही
कोरडं पडू दिलं नव्हतं,
त्यांच्या मांडीवर वही नव्हती.
तिसऱ्या रात्री त्यांनी ओठ हलवले.
काय म्हणाले, मला ऐकू आलं नाही.
तो पुढं बोलू लागला.

सकाळी वॉर्डबॉयनं नाव विचारलं.
वडिलांनी आडनाव आधी सांगितलं,
अक्षर अक्षर सोडवून.
"मधलं? बापाचं नाव?"
आम्ही एकमेकांकडं बघितलं.
त्यानं तेवढी जागा सोडून
पुढं लिहिलं.